चौथा गडी

२०२४ च्या ऑगस्टमधली गोष्ट. शुक्रवारची संध्याकाळ होती. अंक छपाईला गेला होता आणि कार्यालयात आम्ही दोघे-तिघेच उरलो होतो. लोकलच्या गर्दीचा पहिला लोंढा ओसरावा म्हणून चहाचा दुसरा कप घेऊन बसलो होतो, तेवढ्यात फोनवर एक ओळ उमटली. ‘रविवारी रात्री नऊ. चौथा गडी हवा आहे. येतोस?’

वरचं नाव बघितलं आणि चहा घशातच अडकला. या माणसाशी मी आठ वर्षांत एक शब्द बोललो नव्हतो. भांडण झालं नव्हतं. भांडण झालं असतं तर बरं, निदान कोणाचं चुकलं यावर वाद तरी घालता आला असता.

बालमित्राचा असा अवचित निरोप आला की माणसाला आनंद होतो, असं आम्हीच आमच्या अंकांतून लिहीत असतो. मला आनंद झाला नाही. माझ्या मनात पहिला विचार आला तो असा, की हा आता पैसे मागणार.

त्याचं खरं नाव इथे सांगत नाही. आम्ही त्याला ‘महंत’ म्हणायचो. हे नाव त्याला कसं पडलं ते सांगायचं तर मला तुम्हाला नाशिकला, २००३ साली, आमच्या शाळेमागच्या एका गाळ्यात न्यावं लागेल. तिथे एक सायबर कॅफे होता. सहा संगणक, पाठीला पोक असलेले जुने जाडजूड मॉनिटर, पोटात रबरी गोळी असलेले माऊस. ती गोळी मळली की बाण भलतीकडेच पळायचा, मग गोळी काढून शर्टाला पुसायची आणि पुन्हा बसवायची. तासाला पंधरा रुपये. आम्ही चौघे नववीतले. क्लासला म्हणून निघायचो आणि क्लास सुटल्यापासून घरी पोहोचेपर्यंतचा तास तिथे घालवायचो. घरून मिळालेले वडापावचे पैसे असे सत्कारणी लागत.

तुमच्यापैकी ज्यांच्या घरात त्या काळात एखादा मुलगा वाढला असेल, त्यांनी ‘एज ऑफ एम्पायर्स’ हे नाव निदान रागावताना तरी घेतलं असेल. अमेरिकेत टेक्सासमधल्या डॅलस शहरात एन्सेम्बल स्टुडिओज नावाची कंपनी होती, तिने हा खेळ बनवला. पहिला भाग १९९७ चा, दुसरा १९९९ चा. आमचा जीव जडला तो दुसऱ्यावर. गोळ्या घालण्याचा किंवा गाड्या पळवण्याचा हा खेळ नव्हे. हा संसाराचा खेळ आहे.

हसू नका. सुरुवातीला तुम्हाला मिळतात तीन गावकरी, एक टेहळ्या आणि गावाच्या मधोमध एक मोठी इमारत. तिला ‘टाउन सेंटर’ म्हणतात. आम्ही ‘टीसी’ म्हणायचो, रेल्वेतल्या टीसीशी तिचा संबंध नाही. चहूकडे काळोख. त्या काळोखात टेहळ्याने फिरायचं आणि चरणाऱ्या मेंढ्या शोधून आणायच्या. घरात अन्न दोनशे, लाकूड दोनशे, सोनं शंभर आणि दगड दोनशे, एवढ्या पुंजीवर राज्य उभं करायचं. एक गावकरी वाढवायला पन्नास अन्न लागतं. पाच माणसं वाढली की त्यांच्यासाठी एक नवं घर बांधावं लागतं, नाहीतर पुढचा माणूस जन्मच घेत नाही. कोण लाकूड तोडणार, कोण शेत करणार, कोण खाणीत जाणार हे सगळं तुम्हीच ठरवायचं. पाचशे अन्न जमलं की अंधारयुगातून सरंजामी युगात जाता येतं, पुढे आठशे अन्न आणि दोनशे सोनं साठलं की किल्ल्यांचं युग, आणि हजार अन्न नि आठशे सोन्यावर साम्राज्याचं युग. लढाया होतात, पण लढाईच्या आधी अर्धा तास सगळा खेळ धान्याचा, सरपणाचा आणि वेळेचा. बुद्धिबळात समोरचा खेळी करीपर्यंत आपण विचार करत बसू शकतो. इथे कोणी कोणासाठी थांबत नाही. तुम्ही मेंढ्यांच्या मागे असता तेव्हा पलीकडे शत्रूचं गाव वाढत असतं. नव्या आवृत्तीत तर पडद्याच्या कोपऱ्यात किती गावकरी रिकामे बसले आहेत त्याचा आकडासुद्धा दिसतो. आमच्या संपादकांना मी ही सोय अजून सांगितलेली नाही.

तर या खेळात भिक्षू असतात. हातात तलवार नाही, अंगावर चिलखत नाही. ते लांब उभे राहून मंत्र म्हणतात आणि शत्रूचा घोडेस्वार बघता बघता आपल्या रंगाचा होऊन जातो. आम्ही तिघे घोडदळं उभारायचो, आणि हा आमचा मित्र दहा-बारा भिक्षू घेऊन निघायचा. त्याचं राज्य कायम अझ्टेकांचं, कारण त्यांचे भिक्षू इतरांपेक्षा चिवट असतात. खेळता खेळता काही आकडे टाइप केले की ध्वनिमुद्रित बोलणी ऐकू येतात. तीन म्हणजे ‘अन्न द्या’, चार म्हणजे ‘लाकूड द्या’, पाच म्हणजे ‘सोनं द्या’, अकरा म्हणजे गडगडाटी हसणं, आणि तीस म्हणजे ‘वोलोलो’, पहिल्या भागातल्या पुरोहिताचा मंत्र. आपला उमदा घोडेस्वार पलीकडे गेला की कॅफेच्या कोपऱ्यातून ‘वोलोलो’ यायचं. त्यावरून महंत.

आमचे कितीतरी डाव अर्धेच राहिले. त्या वर्षांत महाराष्ट्रात भारनियमन होतं. दीड तास झगडून शेवटची लढाई जुंपावी आणि नेमकी वीज जावी. यूपीएस दोन मिनिटं केविलवाणा ओरडायचा, मग काळोख. मालक मात्र पूर्ण तासाचे पैसे घ्यायचा. सायकली हातात धरून आम्ही घरी निघायचो आणि तो अर्धा डाव कोण जिंकला असता यावर घरापर्यंत वाद चालायचा.

पुढे जे सगळ्यांचं होतं तेच झालं. एक इंदूरला मामाच्या धंद्यात गेला, एक मस्कतला. महंत पुण्याला इंजिनिअर झाला. मी बी. कॉम. होऊन एका दुकानात हिशेब लिहू लागलो. आणि २०११ मध्ये माझ्या डोक्यात पत्रकारितेच्या पदविकेने घर केलं. बाबांना ते पसंत नव्हतं. ‘झोळी घेऊन फिरायची हौस असेल तर स्वतःच्या पैशांनी फीर,’ असं ते म्हणाले. चूक त्यांचीही नव्हती. पतसंस्थेतल्या कारकुनाने दोन मुलींची लग्नं केल्यावर तिसऱ्याच्या हौशीला कुठून पैसे आणायचे? फी अठरा हजार. माझ्याकडे बसभाड्यापुरते.

महंताला नोकरी लागून जेमतेम वर्ष झालं होतं. मी फोनवर नुसतं रडगाणं गायलो होतो, मागितलं काहीच नव्हतं. पुढच्या शनिवारी तो पुण्याहून नाशिकला आला, आमच्या गल्लीच्या तोंडाशी उभा राहिला आणि एक खाकी पाकीट माझ्या हातात देऊन म्हणाला, ‘मोजून घे. अठरा आहेत.’ मी मोजले नाहीत. तो रागावला. ‘व्यवहार आहे, मोज,’ म्हणाला. रस्त्यावर उभं राहून मी मोजले.

आज मी हे लिहितो आहे ते त्या पाकिटामुळे. २०१२ च्या दिवाळीत त्यातले चार हजार परत दिले. मग नोकरी लागली, पण पगार तोकडा. २०१४ मध्ये लग्न झालं. मग डोंबिवलीतलं घर, त्याची अनामत, त्याचे हप्ते. पुढच्या महिन्यात देऊ, असं दर महिन्याला म्हणत होतो. महंत कधी एका शब्दाने बोलला नाही. तो बोलला नाही म्हणून मला सोपं जायला हवं होतं, पण ते उलटं अवघड होत गेलं. त्याचा फोन आला की माझ्या पोटात कालवायचं. मग मी फोन थोडा उशिरा उचलू लागलो. मग नंतर करतो म्हणू लागलो. मग करेनासा झालो.

२०१६ च्या डिसेंबरात त्याच्या बहिणीचं लग्न होतं, नाशिकलाच. तो स्वतः दोनदा फोन करून बोलावत होता. मी ठरवलं होतं की पाकिटात चौदा हजार घालायचे, लग्नाला जायचं आणि मांडवाच्या मागे नेऊन त्याच्या हातात द्यायचे. ८ नोव्हेंबरला नोटाबंदी झाली. घरात रोख नव्हती, बँकांपुढे रांगा होत्या आणि मुलगी दोन महिन्यांची होती. तिन्ही कारणं खरी होती. तिन्ही सांगून मी घरी बसलो. डोंबिवलीहून नाशिक काही फार लांब नाही, नुसता हात हलवत गेलो असतो तरी चाललं असतं, हे तेव्हाही मला कळत होतं. त्यानंतर त्याचा फोन आला नाही.

बायकोला यातलं काही माहीत नव्हतं. तिच्या लेखी महंत म्हणजे आमच्या लग्नाच्या अल्बममधला, चश्मा लावलेला, पंक्तीत वाढायला पुढे असलेला एक मित्र, जो पुढे हैदराबादला गेला आणि मग संबंध राहिला नाही.

शनिवारी मी उत्तर पाठवलं, ‘येतो.’ का पाठवलं? नाही म्हणायला कारण सुचेना, हे एक. दुसरं असं, की मागायचेच असतील तर एकदा मागून होऊ देत, असंही वाटलं.

खेळाची नवी आवृत्ती २०१९ मध्ये आली आहे, हे मला ऐकून माहीत होतं. मूळ कंपनी २००९ मध्येच बंद पडली, पण खेळ काही बंद पडला नाही. घरच्या लॅपटॉपवर तो उतरवून घ्यायला अर्धा रविवार गेला. उघडून बघतो तर काय, आमच्या वेळी तेरा आणि पुढे वाढून अठरा अशी राज्यं होती, त्यांची आता रांगच लागलेली. २०२२ मध्ये तर हिंदुस्थानातली बंगाली, द्राविड, गुर्जर अशी वेगवेगळी राज्यं केली आहेत आणि राजेंद्र चोळाची मोहीमसुद्धा आहे. द्राविडांचे गावकरी तमिळ बोलतात. मराठे नाहीत. असावेत असं वाटून गेलं, पण हा खेळ मुख्यतः मध्ययुगाचा, आणि शिवाजी महाराज सतराव्या शतकातले. मी मुकाट्याने ब्रिटन घेतले. त्यांचे मेंढपाळ भराभर काम करतात. वीस वर्षांनी खेळायला बसलेल्या माणसाने मेंढ्यांपासूनच सुरुवात केलेली बरी.

रात्री नऊला जेवणाची ताटं अजून ओट्यावर, आणि मी कानाला हेडफोन लावून बैठकीच्या खोलीत. मुलगी खुर्ची ओढून शेजारी येऊन बसली. बायको म्हणाली, ‘ऑफिसचं काम आहे?’ मी म्हटलं, ‘नाही, मेंढ्या आहेत.’ तिने पुढे काही विचारलं नाही.

चौघांचे दोन पक्ष पडले. इंदूरवाला आणि मस्कतवाला एकीकडे, महंत आणि मी दुसरीकडे. ज्याचा त्याचा पक्ष वेगळ्या फोनवर, म्हणजे आपले बेत पलीकडे ऐकू जायला नकोत. त्यामुळे माझ्या कानात फक्त महंत होता. आवाज तसाच, थोडा जाड झालेला. ‘ऐकू येतंय?’ ‘येतंय.’ ‘ब्लॅक फॉरेस्ट घेतलंय.’ ‘बरं.’ आठ वर्षांनंतरचं संभाषण एवढंच.

ब्लॅक फॉरेस्ट म्हणजे घनदाट जंगलाचा नकाशा. प्रत्येक गावाभोवती झाडांची भिंत आणि बाहेर पडायला एखाद-दुसरी अरुंद वाट. ती वाट दगडी भिंतीने बुजवली की तासभर निर्धास्त. म्हातारे खेळाडू हाच नकाशा निवडतात, असं मला वाटतं.

पहिल्या दहा मिनिटांत माझी पुरती शोभा झाली. बोटांना कळा आठवत होत्या, पण उशिरा. मेंढी कापली तेव्हा मुलीने विचारलं, ‘बाबा, तिला का मारलं?’ मी म्हटलं, ‘गावाला जेवायला हवं ना.’ ‘मग झाडावरची फळं तोडा.’ दोन गावकरी मी तिच्या समाधानासाठी फळांच्या झुडपांकडे पाठवले. मग रानडुक्कर. हे प्रकरण जोखमीचं असतं. एका गावकऱ्याने डुकराला बाण मारायचा आणि त्याला पाठीशी घेऊन टाउन सेंटरपर्यंत पळत यायचं, तिथे बाकीचे टपलेले असतात. माझ्या गावकऱ्याने बाण मारला, आणि नेमकी तेव्हाच बायकोने ‘कोशिंबिरीत मिरची घालू का?’ असं विचारलं. मी मान वळवली, आणि गावकरी मेला. मुलगी म्हणाली, ‘डुकराने बरोबर केलं.’

हेडफोनमध्ये महंत हसला. शाळेत हसायचा तसाच, नाकातून. माझा खांद्याचा ताण किंचित उतरला.

पण गाव मागे पडलं ते पडलंच. सरंजामी युगात मी पोहोचलो तेव्हा तिघांनाही तिथे जाऊन बराच वेळ झाला होता. माझं अन्न संपलेलं, टीसी रिकामं, नवा गावकरी निघेना. एवढ्यात पडद्यावर ओळ आली, महंताने अन्न पाठवलं आहे. शंभर, मग आणखी शंभर. या खेळात ज्याने बाजार बांधला आहे तो मित्रराज्याला अन्न, लाकूड, सोनं, दगड देऊ शकतो. वाटेत त्यातला काही भाग करापोटी कापला जातो. नाणी पाडायची विद्या मिळवली की कपात कमी होते, पेढ्यांची मिळवली की कपात राहतच नाही. मी मागितलं नव्हतं. तीन हा आकडा टाइप केला असता तर ‘अन्न द्या’ ऐकू गेलं असतं, पण माझं बोट त्या आकड्यावर गेलंच नव्हतं.

मग लाकूड आलं. मग किल्ल्याला साडेसहाशे दगड लागतो, माझ्याकडे तीनशेच होता, तर दगड आला. ‘वाटेवर किल्ला घाल,’ तो म्हणाला, ‘सैन्याचं मी बघतो.’ मग पाचशे सोनं आलं.

त्या पाचशेला माझे हात थांबले. कोपऱ्यात रिकाम्या गावकऱ्यांचा आकडा चार, पाच, सात असा वाढत चालला होता. मुलगी एव्हाना कंटाळून आत झोपायला गेली होती.

मी म्हटलं, ‘महंता, पुरे कर. पाठवू नकोस.’

‘का? माझ्याकडे आहे.’

‘ते चौदा हजार…’ मी म्हटलं. पुढचं वाक्य मी लोकलमध्ये उभं राहून कितीदा तरी तयार केलं होतं, ते आठवेना.

‘हो,’ तो म्हणाला. ‘अठरातले चार दिलेस, २०१२ च्या दिवाळीत. चौदा.’

मला वाटलं होतं तो म्हणेल, कसले चौदा हजार, जाऊ दे रे. गोष्टींतले मित्र असंच म्हणतात. त्याला आकडा ठाऊक होता, वर्ष ठाऊक होतं. म्हणजे ही तेरा वर्षं मी एकटाच ते ओझं घेऊन फिरत नव्हतो.

‘तू कधी बोलला नाहीस,’ मी म्हटलं. वाक्य तोंडातून गेलं आणि माझं मलाच ओशाळल्यासारखं झालं.

‘मी बोलायचं होतं?’

यावर काही उत्तर नव्हतं. त्याच्या बाजूने माऊसची टकटक चालूच होती. तो खेळत होता. मीही उगाच दोन गावकरी इकडून तिकडे नेले.

थोड्या वेळाने तोच म्हणाला, ‘२०१७ मध्ये माझी नोकरी गेली. चार महिने घरी होतो. बहिणीच्या लग्नाचं कर्ज डोक्यावर, बाबा आजारी. तेव्हा मला खरंच हवे होते ते पैसे. तीनदा तुझा नंबर काढला.’

‘मग?’

‘लावला नाही.’

‘का?’

‘तू उचलला नसतास तर?’

मी उचलला असता, असं मी म्हणालो नाही. २०१७ मधला मी कसा होतो ते मला माहीत आहे. रात्री दहानंतर अनोळखी क्रमांकसुद्धा उचलायचा, पण त्याचा नाही.

‘डावीकडे बघ,’ महंत एकदम ओरडला.

मी पाहिलं. वाटेवर माझी दगडी भिंत जशीच्या तशी होती, तिच्यामागे किल्ला होता, आणि डावीकडचं जंगल नाहीसं होत होतं. इंदूरवाला केल्ट घेऊन खेळत होता. त्यांची धोंडे फेकणारी यंत्रं भराभर मारा करतात, आणि त्यातल्या ऑनेजर नावाच्या यंत्राने झाडंसुद्धा साफ होतात. वाटेच्या वाटेलाही न जाता तो तासभर जंगलातून स्वतःचा रस्ता पाडत आला होता. शेवटची रांग पडली आणि मागून मस्कतवाल्याचे इराणी हत्ती आत घुसले.

पुढची पाच मिनिटं सांगण्यासारखी नाहीत. शेतं गेली, घरं गेली, टीसी गेलं. माझे तिरंदाज हत्तींपुढे उभे राहिले, एवढंच त्यांच्याबद्दल म्हणता येईल. महंताचे भिक्षू धावत आले आणि त्यांनी दोन हत्ती वळवलेसुद्धा. कानात तिसांचं ‘वोलोलो’ वाजलं आणि तसल्या परिस्थितीतही मला हसू फुटलं. पण यंत्रांच्या एका धोंड्यासरशी पाच-पाच भिक्षू आडवे होत होते.

‘उरलेत किती?’ त्याने विचारलं.

‘अकरा गावकरी.’

‘माझ्या गावात आण. दार उघडेल.’

मित्रराज्याचं माणूस जवळ आलं की वेशीचं दार आपोआप उघडतं. माझे अकरा निळे गावकरी त्याच्या हिरव्या वेशीतून आत गेले. त्याच्या शेतांमागे थोडी मोकळी जागा होती. तिथे मी दोन घरं बांधली, एक शेत केलं. त्याने लाकूड पाठवलं. या वेळी मी नको म्हटलं नाही.

आम्ही हरलो. वीस-पंचवीस मिनिटं त्याने किल्ल्यांच्या जोरावर तग धरला, मग तिथेही जंगल पडलं आणि हत्ती आले. शेवटी फक्त माझं ते एक शेत उरलं होतं आणि त्यात एक बाई विळा घेऊन उभी होती. अकरा वाजून गेले होते. पलीकडून गडगडाटी हसण्याचा आकडा आला, मग ‘झोपा आता म्हाताऱ्यांनो’ असा निरोप आला, आणि इंदूर नि मस्कत गेले.

महंताचा फोन चालूच होता. मी म्हटलं, ‘तुझा यूपीआय क्रमांक हाच का?’

‘हाच.’

‘आता पाठवतो.’

तो नको म्हणाला नाही. ‘पाठव,’ म्हणाला. मी आकडा टाकला तसं पडद्यावर त्याचं पूर्ण नाव आलं, वडिलांच्या नावासकट. शाळेच्या हजेरीपटावर ऐकलेलं नाव. मी पिन दाबला.

‘आले?’

‘थांब.’ मग थोडा वेळ काहीच नाही. मग म्हणाला, ‘आले. मोजले.’

‘व्याज?’

‘ते बघू,’ तो म्हणाला. ‘बाबांना सांगतो. ते विचारायचे तुझ्याबद्दल अधूनमधून.’

‘पैशांचं त्यांना माहीत होतं?’

‘नाही. तू का येत नाहीस, एवढंच विचारायचे.’

सकाळी बायकोच्या फोनवर बँकेचा निरोप गेला. खातं दोघांच्या नावावर आहे. रात्री साडेअकराला चौदा हजार कुठे गेले, असं तिने पोळी लाटता लाटता विचारलं. मेंढ्यांवर एवढे जातात का, अशीही शंका तिला आली असावी. मी खाकी पाकिटापासून सगळं सांगितलं. तिने लाटणं थांबवलं नाही. सगळं झाल्यावर म्हणाली, ‘आणि मी त्या लग्नासाठी साडी आणून ठेवली होती. बाळाला घेऊन येते म्हटलं होतं, तर तू म्हणालास प्रवास सोसणार नाही तिला.’ हे मी विसरलो होतो. त्या दिवशी डब्यात पोळ्या होत्या, भाजी नव्हती. मी ऑफिसखालच्या टपरीवर उसळ घेऊन खाल्ली.

आठवडाभर ती या विषयावर काही बोलली नाही. शनिवारी रात्री जेवताना म्हणाली, ‘त्यांना दिवाळीला बोलाव. हैदराबादहून नाशिकला जातीलच, वाटेत उतरा म्हणावं.’ हैदराबादहून नाशिकला जाताना डोंबिवली वाटेत लागत नाही, हे तिला चांगलं माहीत आहे.

मी तसं महंताला कळवलं. त्याचं उत्तर लगेच आलं. ‘बघतो. उद्या नऊला. ब्लॅक फॉरेस्ट नको, अरेबिया घेऊ, आणि रानडुकराच्या वेळी वहिनींना प्रश्न विचारू देऊ नकोस.’